डफ, पेटी आणि पावती पुस्तक

श्रीपूर हे कारखान्यामुळं नावारूपाला आलेलं गाव. माळशिरस तालुक्यातल्या उसाच्या पट्ट्यात १९३०च्या दशकात चंद्रशेखर आगाशे यांच्या बृहन् महाराष्ट्र शुगर सिंडिकेटनं साखर कारखाना उभारला आणि मग कारकून आले, फिटर आले, मास्तर आले, हमाल आले. कुणी पुण्याकडून, कुणी बार्शीकडून, कुणी थेट कोकणातून. अशा गावांची एक गंमत असते. विचारांनी शंभर कोस लांब असलेली माणसं एकाच नळावर पाणी भरतात, आणि मग त्यांची जी मैत्री होते तिला तोड नसते. आण्णा आणि गुरुजी ही त्यातलीच जोडी. आण्णा मूळचे बार्शीकडचे, मिल हाउसला फिटर होते, सगळी हयात कामगार युनियनमध्ये गेली. गुरुजी शाळेत मराठी शिकवायचे, पेटी वाजवतात, लहानपणी शाखेत जायचे, आणि रामनवमीला त्यांच्या ओसरीवर गीतरामायण होतंच. दोघंही पंचाहत्तरीच्या पुढं.

त्यांच्यातला एक वाद जुना आहे. तो २०२४ साली पुन्हा पेटला, कारण बाबूजींवरचा ‘स्वरगंधर्व सुधीर फडके’ प्रदर्शित झाला आणि गुरुजी तो दोनदा पाहून आले. प्रश्न असा : गाणारा माणूस चळवळीत उतरला तर त्यानं आपलं गाणं चळवळीला द्यावं, की गाणं बाजूला ठेवून स्वतः उतरावं? आणि अशा माणसानं सिनेमा काढला तर त्यानं काय साधतं? मी या वादाचा कायमचा श्रोता. दोघंही मला मध्ये बोलू देत नाहीत, म्हणून इथं बोलून घेणार आहे.

गुरुजी : आण्णा, कलावंत आणि कार्यकर्ता एकाच माणसात कसे राहावेत याचा वस्तुपाठ म्हणजे बाबूजी. १९५४ साली दादरा-नगर हवेली पोर्तुगीजांच्या ताब्यात होती. हा माणूस चित्रपटसृष्टीतला नावाजलेला संगीतकार. घरी बसून एखादं स्फूर्तिगीत बांधलं असतं तरी लोकांनी टाळ्या वाजवल्या असत्या. पण ते स्वतः गेले. राजा वाकणकर, नाना काजरेकर, बाबासाहेब पुरंदरे, बिंदुमाधव जोशी यांच्याबरोबर मोहिमेत होते. पैसे उभे करायला पुण्यात लता मंगेशकरांचा कार्यक्रम ठेवला. २ ऑगस्टला सिल्व्हासा मुक्त झालं. आणि त्यानंतर आठ महिन्यांनी, १ एप्रिल १९५५ला, पुणे आकाशवाणीवर गीतरामायण सुरू झालं. त्या छप्पन्न गीतांत कुठं बंदुकीचा वास येतो का सांगा.

आण्णा : न्हाई येत. तेच तर म्हणतोय मी. बंदूक एका खिशात, सूर दुसऱ्या खिशात. आवं गुरुजी, आन् त्या नगर हवेलीच्या रानात तुमचीच माणसं होती असं समजू नका. परुळेकर नवरा-बायकोच्या चळवळीतली वारली माणसंबी होती. लाल बावट्याची. त्यांच्यावर कुणी शिनिमा काढला?

गुरुजी : होती, मान्य. मी कुठं नाही म्हणतोय? पण विषय बदलू नका.

आण्णा : बदलत न्हाई. तुमचं गीतरामायण दर आठवड्याला रेडिओवर लागत होतं, तवा मुंबईत काय चाललं होतं? १९५५चा नोव्हेंबर. फ्लोरा फाउंटनला गोळीबार. पुढं जानेवारीत पुन्हा गोळीबार. एकशे पाच-सहा माणसं मेली संयुक्त महाराष्ट्रासाठी. आन् त्या टायमाला अमर शेख, अण्णा भाऊ, गव्हाणकर ही माणसं डफ घेऊन मैदानात हुती. त्यांनी दोन खिसे केले न्हाईत.

इथं मला थांबून अमर शेखांबद्दल चार ओळी लिहायला हव्यात, कारण आण्णा गृहीत धरतात की जगाला ते ठाऊक आहेत. मेहबूब हुसेन पटेल, जन्म २० ऑक्टोबर १९१६, बार्शीचा. गाण्याचं वेड आई मुनेरबीकडून आलेलं. मोटारीवर क्लीनर, गिरणीत कामगार, संपात पुढं, मग तुरुंग. सोलापूर जिल्ह्यात तो काळच तसा होता. १९३०च्या मे महिन्यात सोलापुरात मार्शल लॉ लागला आणि १२ जानेवारी १९३१ला मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांना फाशी झाली. त्या वेळी बार्शीतला हा पोरगा चौदा वर्षांचा होता. पुढं तो कोल्हापूरला मास्टर विनायकांच्या स्टुडिओत पोचला. म्हणजे ज्या माणसाला आपण मैदानातला शाहीर म्हणून ओळखतो, त्यानं सिनेमाचं दार डफाच्याही आधी पाहिलं होतं. १९४४च्या सुमारास अण्णा भाऊ साठे आणि द. ना. गव्हाणकर यांच्याबरोबर लाल बावटा कलापथक उभं राहिलं. अत्र्यांनी त्यांना महाराष्ट्राचा मायकोव्हस्की म्हटलं. अत्र्यांच्या स्तुतीला एरवी मी थोडी कात्री लावतो, पण या वेळी लावावीशी वाटत नाही.

गुरुजी : मैदानातल्या गाण्याचं मोल मी नाकारत नाही. पण सभेसाठी रचलेलं गाणं सभेबरोबर उठून जातं. १९५६च्या मागणीवर बांधलेला पोवाडा १९६०च्या १ मेला जुना झाला. महाराष्ट्र मिळाला, आता काय गायचं? बाबूजींच्या गाण्याला मुदत नाही. तुम्ही स्वतः माझ्या ओसरीवर येऊन बसता की रामनवमीला.

आण्णा : सुंठवड्यासाठी येतो.

गुरुजी : सुंठवडा सुरुवातीला वाटत नाहीत, आण्णा.

आण्णा : बरं, मग मला सांगा, अण्णा भाऊंची मैनेची छक्कड का जुनी झाली न्हाई? महाराष्ट्र तर मिळाला.

गुरुजी यावर गप्प बसले, म्हणून उत्तर मी देतो. ती छक्कड टिकली, कारण तिच्यात आधी एक बाई आहे, गावाकडं राहिलेली, आणि मुंबईला पोट भरायला आलेला तिचा नवरा आहे. बेळगाव-कारवारची ताटातूट त्या दोघांच्या ताटातुटीतून येते. मागणी मागं पडली तरी ताटातूट उरते. आज तिच्या जागी कुणी ऊसतोडीला गेलेला माणूस आठवतो. गुरुजींचं अर्धं खरं आहे : मागणीवर उभं राहिलेलं गाणं मागणीबरोबर जातं. पण त्यावरून गाणं चळवळीपासून लांब ठेवावं असं निघत नाही. चळवळीतल्या माणसाच्या घरापर्यंत गाणं पोचलं की नाही, हे बघावं लागतं.

गुरुजी : ठीक. पण सिनेमाचं बोला. तुमच्या अमर शेखांनीही सिनेमा केलाच.

आण्णा : केला. पोटासाठी केला.

गुरुजी : ‘प्रपंच’ पोटासाठी केलेला सिनेमा वाटतो तुम्हाला?

‘प्रपंच’चं नाव निघालं की दोघांचाही आवाज बदलतो. १९६१चा हा चित्रपट, दिग्दर्शन मधुकर पाठक यांचं. पोरांनी भरलेलं घर, हाताला चाक, पदरात दारिद्र्य असा एक कुंभार, आणि त्या भूमिकेत अमर शेख. बायको सुलोचनाबाई. गीतं माडगूळकरांची आणि संगीत सुधीर फडक्यांचं. कुंभाराच्या चाकाचं ते प्रसिद्ध गाणं, जे आजही कीर्तनात, शाळेत, रिक्षात ऐकू येतं, ते बाबूजींच्या आवाजातलं. आता हे नीट पाहा. मैदान हादरवणारा आवाज ज्याचा, तो माणूस या चित्रपटात चेहरा घेऊन उभा आहे; आणि त्या चित्रपटाचा म्हणून जो आवाज घराघरात गेला तो दुसऱ्याचा. एक लाल बावट्याचा, दुसरा संघाचा. दोघांच्या मध्ये माडगूळकर, बेचाळीसच्या चळवळीतून आलेले आणि पुढं विधान परिषदेत आमदार झालेले. आज अशी तीन माणसं एका पोस्टरवर आली तर दोन्ही बाजूंच्या पोरांचे मोबाइल तापतील. त्या वेळी कुणाला त्यात वावगं वाटलं नसावं, कारण कोल्हापूरच्या स्टुडिओंनी या सगळ्यांना आपापल्या पडत्या काळात भाकरी दिली होती. बाबूजी जन्मानंच कोल्हापूरचे, माडगूळकर तिथंच सिनेमात शिरले, अमर शेख तिथंच राबले.

आण्णा : मला काय खटकतंय सांगू? वाघाला आणला आन् कुंभार केला. ज्या गड्याच्या नुसत्या तोंड उघडण्यानं सरकारला घाम फुटायचा, त्याला सोसणारा, खचणारा बाप केला. शिनिमाला शाहिराचं तोंड चालतं, जीभ चालत न्हाई.

गुरुजी : तुम्ही उलटं बघताय. त्या तोंडावर वीस वर्षांचं मैदान आहे. दुसरा नट असता तर त्यानं गरिबी ‘केली’ असती. हा माणूस क्लीनर होता, गिरणीत होता. त्यानं हात मातीत घातला की तो हात खरा वाटतो. मी गाणारा माणूस आहे, तरी सांगतो, ते गाणं मला त्या चेहऱ्याशिवाय आठवतच नाही.

आण्णा : मग आवाजबी त्याचाच घ्यायचा हुता.

गुरुजी : अमर शेखांचा आवाज चाकावर बसणारा नव्हता. तो हाळी देणारा आवाज. त्यानं गाडगी फुटली असती.

या वाक्यावर आण्णा हसले. वाद अर्थातच थांबला नाही. पण मला गुरुजींचं म्हणणं पटलं, आणि आण्णांचंही. सिनेमानं अमर शेखांचा चेहरा वाचवला आणि त्यांचं हत्यार काढून घेतलं, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत. अण्णा भाऊंचं फार वेगळं झालं नाही. १९६१ला ‘वैजयंता’ आला, १९६३ला ‘फकिरा’. त्यांच्या कादंबऱ्यांवर एकामागून एक चित्रपट निघाले आणि चिरागनगरच्या झोपडपट्टीतलं त्यांचं आयुष्य होतं तसंच राहिलं. १९६९च्या पावसाळ्यात महिना-दीड महिन्याच्या अंतरानं दोघं गेले. अण्णा भाऊ १८ जुलैला. अमर शेख २९ ऑगस्टला, इंदापूरजवळ मोटार अपघातात. इंदापूर म्हणजे श्रीपूरहून तासाभराची वाट.

गुरुजी : त्याच वर्षीच्या जानेवारीत मोहन रानडे पोर्तुगालच्या तुरुंगातून सुटले. गोवा १९६१ला मुक्त झाला तरी हा माणूस लिस्बनला अडकून पडलेला. बाबूजींनी विमोचन समिती काढली, वर्षानुवर्षं पाठपुरावा केला. पत्रं, सभा, मंत्र्यांच्या भेटी. यातलं कुठलंच काम टाळ्या मिळवून देणारं नाही. पुढं ग्राहक पंचायतीचं काम केलं. गिरणीच्या पिठात भेसळ, रॉकेलची मापं, हे गाण्यात बसतं का? नाही बसत. म्हणून ते गाण्यात आणलं नाही. कार्यकर्त्याचं काम कार्यकर्त्यासारखं केलं.

आण्णा : हे आवडलं मला. खोटं कशाला बोलू. सभेत गाऊन टाळ्या घेऊन घरी जाणारे लई बघितले आमच्यात. कागद घेऊन कचेरीत बसणारा कलाकार एखादाच. पण मग तुमच्या बाबूजींनी शेवटाला काय केलं? शिनिमाच काढला की नव्हं?

आता आपण वादाच्या मुळाशी आलो. सुधीर फडके निर्माते म्हणून आधीही यशस्वी झाले होते. राजा परांजपे दिग्दर्शित ‘हा माझा मार्ग एकला’ हा १९६३चा चित्रपट त्यांचा, लहानगा सचिन त्यात पहिल्यांदा चमकला. पण ‘वीर सावरकर’ ही वेगळीच गोष्ट होती. हा चित्रपट कुण्या वितरकाच्या पैशावर नाही, लोकवर्गणीवर करायचा असं ठरलं. गावोगाव कार्यक्रम, पावत्या, आवाहनं. दिग्दर्शन वेद राही यांनी केलं. चित्रपट पडद्यावर यायला २००१ साल उजाडलं आणि २९ जुलै २००२ला बाबूजी गेले. ब्याऐंशीव्या वर्षापर्यंत एक गायक एका सिनेमाच्या मागं लागून राहिला, हे एरवी आपल्याकडं घडत नाही.

गुरुजी : त्याची पावती माझ्याकडं अजून आहे.

आण्णा : माझ्याकडं पण आहे.

गुरुजी : तुमच्याकडं? सावरकर सिनेमाची?

आण्णा : अकरा रुपये. तुमच्या तोंडाकडं बघून दिले. आन् एका गोष्टीकडं बघून. वर्गणी काढून काम करायचं ही आमची रीत. कलापथकाची झोळी अशीच फिरायची. शेठजीकडं गेलं की शेठजी गाणं बदलाया सांगतो. तुमच्या माणसानं शेठजीकडं न जाता आमच्यासारखी झोळी फिरवली, म्हणून अकरा रुपये. सावरकरांसाठी न्हाई.

गुरुजी : आणि चित्रपट बघितलात?

आण्णा : बघितला. अकरा रुपये गुंतले हुते. पण गुरुजी, राग मानू नका. एवढा मोठा गाणारा माणूस, आन् शिनिमा संपल्यावर ओठावर गाणं न्हाई आलं. नुसता इतिहास आला.

गुरुजींनी राग मानला. बराच वेळ. मी मात्र आण्णांच्या बाजूला झुकतो, विचारसरणीमुळं नव्हे. तो चित्रपट एक व्रत होतं. व्रतात काही गाळता येत नाही. इतक्या लोकांनी पैसे दिलेत, तर प्रत्येकाच्या मनातला प्रसंग आला पाहिजे. आणि सिनेमा तर गाळण्यातूनच होतो. जवळजवळ त्याच सुमाराला पंढरपुरात जन्मलेले जब्बार पटेल डॉ. आंबेडकरांवर चित्रपट करत होते, तो मात्र सरकारच्या पैशातून. मामुट्टीचं काम अप्रतिम, तरी त्यातही हेच ओझं जाणवतं : हे राहून गेलं तर लोक काय म्हणतील. गंमत अशी की याच जब्बार पटेलांनी ‘सिंहासन’मध्ये कुठल्याही महापुरुषाशिवाय राजकारण नागडं करून दाखवलं होतं. वर्गणी असो की अनुदान, महापुरुष उभा केला की कॅमेरा हात जोडतो.

गुरुजी : (राग ओसरल्यावर) मग तुमच्या मते गाणाऱ्यानं सिनेमाच्या वाटेला जाऊच नये?

आण्णा : जाऊन उपेग न्हाई. शिनिमा उशिरा येतो. विलास घोगरे, मुंबईचा शाहीर. ११ जुलै १९९७ला घाटकोपरला रमाबाई नगरात गोळीबार झाला, दहा माणसं मारली. चार दिवसांनी ह्या गड्यानं गळफास घेतला. त्याच्यावरचा आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ कवा आला? २०११. चौदा वर्षं! पोवाडा दुसऱ्या दिवशी आला असता.

गुरुजी : पोवाडा दुसऱ्या दिवशी आला असता आणि तिसऱ्या दिवशी विरला असता. घोगऱ्यांना आज कोण कसं ऐकतं? पटवर्धनांनी १९८५च्या ‘हमारा शहर’मध्ये त्यांना गाताना टिपलं होतं म्हणून. तुमच्या शाहिराचा आवाज तुमच्या झोळीनं नाही जपला, कॅमेऱ्यानं जपला. आणि आण्णा, त्याहून मोठी गोष्ट सांगतो. मी शाळामास्तर. ‘फँड्री’ बघितलात ना?

आण्णा : आपल्या करमाळ्याच्या पोराचा? बघितला की. नागराज मंजुळे. जेऊरचा.

गुरुजी : त्यात ते घरच्यांचं डुकरामागं धावणं, आणि मधेच शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं. हातातोंडाशी आलेलं डुक्कर निसटतंय आणि सगळं घर सावधानमध्ये उभं. मी सगळी नोकरी रोज सकाळी ते गीत म्हणवून घेतलं. मुलांकडं बघत म्हणवून घेतलं, भिंतीपलीकडं कोण उभं आहे हे कधी बघितलं नाही. आता सांगा, हे कुठल्या पोवाड्यात सांगता आलं असतं? गाणं स्वतःच्या ऐकणाऱ्याकडं वळून बघू शकत नाही. सिनेमा बघू शकतो.

मला वाटतं, या सगळ्या वर्षांच्या वादात एवढं नेमकं वाक्य दोघांपैकी कुणीच बोललं नव्हतं. आपण कायम विचारत आलो की सिनेमानं गाणाऱ्याचा आवाज मोठा केला की दाबला. सिनेमा जे करू शकतो ते निराळंच आहे. तो गाणाऱ्यावरचा प्रकाश काढून ऐकणाऱ्यावर टाकतो. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्येही तेच झालं. लोकशाहीर नारायण कांबळे, भूमिका वीरा साथीदार यांची. साथीदार स्वतः नागपूरचे कार्यकर्ते, ‘विद्रोही’चे संपादक, २०२१ला कोरोनानं गेले. गाणी संभाजी भगत यांची. म्हणजे ‘प्रपंच’सारखंच, चेहरा एकाचा आणि सूर दुसऱ्याचा. पण इथं शाहिराची जीभ कापलेली नाही. त्याचं गाणं सुरुवातीला खणखणीत ऐकू येतं, आणि मग उरलेल्या चित्रपटभर ते गाणं वकील, न्यायाधीश आणि पोलीस आपापल्या परीनं ऐकत राहतात. गाण्यामुळं एका सफाई कामगारानं आत्महत्या केली, हा आरोप. एका गाण्याला तारखांवर तारखा पडतात. न्यायाधीश सुट्टीत सहलीला जातात. अमर शेखांच्या काळी सरकार तमाशावर, कलापथकावर बंदी घालायचं. ती बंदी सरळ होती. ‘कोर्ट’मधली दमछाक सरळ नाही, आणि ती दाखवायला सिनेमाच लागतो. ‘वीर सावरकर’मध्ये बाबूजींनी नायक दाखवला. त्याऐवजी सावरकरांची कविता पाठ असलेला एखादा शाळकरी पोरगा दाखवला असता, जसे ते स्वतः कधीकाळी असतील, तर गाणाऱ्या माणसाचा तो खरा सिनेमा झाला असता, असं मला राहून राहून वाटतं.

आण्णा : भिंतीपलीकडचं बरोबर बोललात. पण त्या ‘फँड्री’तली मला लागलेली गोष्ट वेगळी. तो जब्या. सोमनाथ अवघडे. केमचा पोरगा, गावात हलगी वाजवणारा. मंजुळ्यांनी त्याला हलगी वाजवताना बघितला आन् उचलला. राष्ट्रीय बक्षीस मिळालं त्या पोराला. अमर शेखांचा डफ स्टुडिओच्या दारात ठेवून घेतला हुता. ह्याची हलगी आत गेली.

गुरुजी : मग झालं की! वाजवणारा आत गेला. अकलूजची रिंकू राजगुरू ‘सैराट’मध्ये बुलेटवर बसून गेली. आपल्या पट्ट्यातली बोली सगळ्या महाराष्ट्राला कळाली.

आण्णा : कळाली, आन् त्या ‘सैराट’चा वाद्यमेळ रेकॉर्ड करायला हॉलिवूडला गेले. हलगी हाय का त्यात?

गुरुजी : आण्णा, हॉलिवूडच्या व्हायोलिनवर उसाच्या फडात पोरं नाचली, यात वाईट काय?

आण्णा : वाईट न्हाई. महाग हाय. शंभर कोटी मिळवणारा शिनिमा शंभर कोटीचं ऐकतो. अकरा रुपयाचं ऐकत न्हाई.

गुरुजी : आता तर अकरा रुपयेही लागत नाहीत. पोरं फोनवर गातात, फोनवरच चित्रण करतात, रात्रीत लाख लोक बघतात. डफ आणि कॅमेरा एकाच हातात आला. अमर शेखांना हे मिळालं असतं तर?

आण्णा : तर त्यांनी फोन फेकून दिला असता. लाख लोक बघतात, पण त्यात आपल्या विरोधातला किती? फोन ज्याला जे आवडतं तेच दाखवतो असं नातू सांगतो. मैदानात तसं नव्हतं. शाहीर गायला उभा राहिला की मागं मोरारजींची माणसं उभी, कडंला पोलीस उभे, झाडावर पोरं. सगळ्यांनी ऐकायचं. मी तुमचा सावरकर का बघितला? अकरा रुपये दिले हुते म्हणून. वर्गणी विरोधकाकडनं घ्यावी, गुरुजी. आपली माणसं तशीबी येत्यात.

गुरुजी : असं? आणि तुम्ही माझ्याकडून काय घेतलंत आजवर?

आण्णा : पेटी. दर एक मेला. गेटवर शाहिरी झाली की पेटी कुणाची असायची?

गुरुजी : माझी. आणि परत आणून दिलीत तेव्हा दर वेळी एखादा सूर बसलेला असायचा. तुमच्या माणसांना भाता हळू ओढता येत नाही.